लढवय्यांचं राज्य टिकतं कसं? आमच्या खेळासाठी खरं उदाहरण हवंय

चौसर (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. आमचा ग्रुप शनिवारी रात्री जमून टेबलटॉप आरपीजी, म्हणजे टेबलाभोवती बसून पात्रं वठवायचा खेळ, खेळतो. गेम मास्टर मी, त्यामुळे नवं जग रचायचं कामही माझ्याकडे. या वेळी मी एक साम्राज्य मांडलंय जिथे सत्ता फक्त लढणाऱ्यांच्या हातात आहे. राजा तलवारीवर ठरतो, दरबारात बसायचं तर अंगावर जखमेची खूण लागते, मुलं लहानपणीच छावणीत जातात. कादंबऱ्यांत आणि गेम्समध्ये अशी राज्यं ढिगानं सापडतात, त्यातूनच हे जुळवलं.

पहिल्याच सत्रात आमच्यातल्या एकीनं (ती बँकेत कर्जाचं काम बघते) तीन प्रश्न विचारले आणि खेळ तिथेच थांबला. यांना जेवायला कोण घालतं? हिशोब कोण ठेवतं? आणि राजा मेल्यावर आठवडाभरात हे सगळे एकमेकांना का संपवत नाहीत?

'त्यांची संस्कृतीच तशी आहे' असं म्हणून पुढे जाता आलं असतं, पण मला ते पटत नाही. म्हणून इथे विचारतो. खरोखर योद्धेच राज्यकर्ते होते आणि तरी राज्य दोनेकशे वर्षं टिकलं, असं इतिहासात कुठे झालंय का? लढायांची वर्णनं नकोत. घडी कशी बसवली होती ते सांगा.

गनिमी_गणू

पहिलं नाव प्राचीन ग्रीसमधल्या स्पार्टाचं. तिथल्या नागरिकाला धंदा, कारागिरी सगळं वर्ज्य होतं. शेती हेलट, म्हणजे तिथले गुलाम केलेले शेतकरी, करायचे, आणि हेलटांना दाबून ठेवणं हाच राज्याचा मुख्य उद्योग. दरवर्षी नवे अधिकारी आले की हेलटांविरुद्ध रीतसर युद्ध पुकारायचे, म्हणजे त्यांना मारलं तरी पाप नाही.

पण टिकण्याच्या बाबतीत हे उदाहरण उलट बाजूनं बघा. प्रत्येक नागरिकानं आपल्या भोजनमंडळात ठरलेलं जव, वाइन, चीज भरायचं. ते जमलं नाही की नागरिकत्व गेलं. जमिनी थोड्या हातांत गोळा होत गेल्या तसे नागरिक घटत गेले. इ.स.पू. ४८० च्या सुमाराचे ८००० लढवय्ये ग्रीक इतिहासकार हेरोडोटस सांगतो. इ.स.पू. ३७१ ला ल्युक्ट्राच्या रणात पूर्ण नागरिक असलेले स्पार्टन ७०० होते आणि त्यातले ४०० पडले. त्यानंतर स्पार्टा सावरलं नाही. बाहेरच्याला आत घ्यायचा रस्ताच ठेवला नव्हता त्यांनी.

रेवदंड्याची

गणूभाऊंचा शेवटचा मुद्दा फार मोलाचा आहे, कारण ज्यांचं उदाहरण मी देणार आहे त्यांनी याच्या अगदी उलट केलं. त्यांच्याकडे *फक्त* बाहेरचाच माणूस आत येऊ शकायचा.

चौसर, मम्लुकांचा अभ्यास करा. इजिप्त आणि सीरिया, १२५० ते १५१७. मी नोकरीनिमित्त काही वर्षं कैरोत होते आणि सुट्टीच्या दिवशी जुन्या शहरात जाऊन बसायचे. त्या लोकांनी बांधलेल्या भिंतींजवळ इतका वेळ घालवलाय की हा विषय निघाला की मला थोडक्यात लिहिता येत नाही.

एज ऑफ एम्पायर्स २ खेळलेल्यांना मम्लुक म्हटलं की उंटावरून वाकड्या तलवारी फेकणारा शिपाई आठवेल. ते चित्र डोक्यातून काढा. खरा मम्लुक घोडेस्वार होता. भाला, तलवार आणि धावत्या घोड्यावरून मारायचा बाण यावर त्याचं आयुष्य उभं असायचं, आणि चौगान म्हणजे पोलो हा त्यांचा सरावही होता आणि वेडही.

मम्लुक हा विकत आणलेला गुलाम. काळ्या समुद्राच्या उत्तरेच्या गवताळ मुलखातली किपचाक तुर्क मुलं आधी, पुढे कॉकेशसमधली चेर्केस मुलं. काळ्या समुद्रावरच्या कॅफा बंदरातून व्यापारी त्यांना आणायचे, आणि त्यात इटलीतल्या जिनोव्हाच्या ख्रिस्ती व्यापाऱ्यांचा मोठा हात होता. मुलगा कैरोच्या किल्ल्यातल्या बराकीत दाखल व्हायचा. तिथे खोजे पहारा करायचे. आधी अक्षरओळख आणि कुराण, मग घोडा आणि हत्यार. शिक्षण संपलं की त्याला गुलामीतून मुक्त करून घोडा, शस्त्र आणि पगार द्यायचे. तिथून तो चढेल तितका चढू शकायचा, अगदी सुलतान होईपर्यंत. बैबर्स असाच आला. त्याच्या एका डोळ्यात पांढरा डाग होता म्हणून तो स्वस्तात गेला असं सांगतात. कलावूनला १००० दिनार पडले आणि 'अल्फी', म्हणजे हजारवाला, हे नाव त्याला जन्मभर चिकटलं. त्यांना त्याची लाज नव्हती, उलट मिरवायचे.

हे सगळं भारून टाकणारं आहे, मान्य. पण आईबापापासून तोडून आणलेली ती मुलं होती, हे खेळात विसरू नका. बरकूकच्या हातात सत्ता आली तेव्हा त्यानं आपल्या वडिलांना चेर्केस मुलखातून इजिप्तला आणवलं. किती मुलांना ते जमलं नसेल.

आता खरी घडी. मम्लुकाचा मुलगा मम्लुक होऊ शकत नसे. तो इजिप्तमध्ये मुसलमान म्हणून, मोकळा माणूस म्हणून जन्मलेला, त्यामुळे विकत आणलेल्यांच्या वर्गात त्याला जागाच नाही. बापाची अमिरी म्हणजे सरदारकी, बापाची जहागीर मुलाकडे जात नसे. पुढची पिढी पुन्हा बाजारातून आणायची. घराणी माजू नयेत, सैन्य ऐशआरामानं मऊ पडू नये, म्हणून दर पिढीला पाटी कोरी. माझ्या मते हे राज्य २६७ वर्षं चाललं त्याचं सर्वांत मोठं कारण हेच. कादंबऱ्यांतल्या योद्धा-राज्यांत मला हे जवळजवळ कधीच दिसत नाही. तिथे शौर्य रक्तातून येतं. मम्लुकांनी रक्ताचा संबंधच तोडला होता.

अपवाद खुद्द सुलतानपदाचा. ते कलावूनच्या वंशात अधूनमधून खंड पडत १३८२ पर्यंत फिरलं, पण शेवटच्या चाळीसेक वर्षांत गादीवर बसवलेली बहुतेक पोरं अमिरांच्या मुठीत होती.

जेवायला कोण घालतं? नाईल आणि फेल्लाह, म्हणजे तिथला शेतकरी. अमिराला पगाराऐवजी इक्ता मिळायची, म्हणजे ठरावीक गावांच्या महसुलावर हक्क. जमीन त्याची नाही, महसूल त्याचा, तोही त्या पदावर असेपर्यंत. आणि गावं एका ठिकाणी देत नसत. थोडी डेल्ट्यात, थोडी वरच्या इजिप्तमध्ये, अशी विखुरलेली. अमीर राहायचा कैरोत. त्यामुळे कुणालाच एखाद्या प्रांतात पाय रोवून स्वतःचं छोटं राज्य उभं करता येत नसे. १३१५ मध्ये सुलतान अन-नासिर मुहम्मदनं सगळ्या इजिप्तची पुन्हा मोजणी करून महसुलाचे २४ भाग मांडले, त्यातले १० स्वतःकडे ठेवले आणि उरलेले १४ अमीर आणि सैन्याला. इतकी काटेकोर मांडणी घोड्यावर बसून होत नाही!

म्हणजे तुमच्या मैत्रिणीचा दुसरा प्रश्न. हिशोब लेखणीवाले ठेवायचे. लष्करी दफ्तर, महसूल, पत्रव्यवहार यांत कॉप्ट, म्हणजे इजिप्तचे मूळचे ख्रिस्ती, आणि त्यांच्यातून मुसलमान झालेली कुटुंबं पिढ्यान् पिढ्या होती. त्यांना वारसा होता. योद्ध्याला नव्हता. कुठल्या गावचा महसूल किती आणि तो कुणाच्या नावावर, हे त्या कारकुनाला ठाऊक असायचं. न्याय काझींकडे. बैबर्सनं १२६५ मध्ये सुन्नी कायद्याच्या चार पंथांचे चार मुख्य काझी नेमले. त्याच्याआधी १२६१ मध्ये त्यानं बगदादच्या अब्बासी खलिफांच्या एका वंशजाला कैरोत खलिफा म्हणून बसवलं, कारण मंगोलांनी बगदाद बुडवून तीन वर्षं झाली होती आणि विकत आणलेल्या माणसाला राज्य करायचा हक्क काय, याचं उत्तर त्याला हवं होतं. नुसती तलवार पुरत नाही हे त्याला चांगलं कळत होतं. खुद्द सुलतान कुतुझला मारून तो गादीवर आला होता, तेही १२६० ला पॅलेस्टाइनमधल्या ऐन जालूतला दोघांनी मिळून मंगोलांना हरवल्यावर महिना-दीड महिन्यात.

तिसऱ्या प्रश्नावर संध्याकाळी लिहिते.

सह्यकडा

वाचतोय ताई. एक शंका. मुलाला काहीच मिळत नसेल तर इतकी संपत्ती जमवून हे लोक करायचे काय? माणूस शेवटी पोरांसाठीच करतो.

रेवदंड्याची

सह्यकडा, हाच प्रश्न मला कैरोत पडला होता, आणि त्याचं उत्तर शहरभर उभं आहे.

अमिराची इक्ता सरकारजमा व्हायची. मर्जी गेली तर बाकीची मालमत्ताही जप्त व्हायची. पण धर्मादाय वक्फ केलेल्या मालमत्तेला हात लावणं सुलतानालाही जड जायचं. म्हणून अमीर मशीद बांधायचा, मदरसा बांधायचा, शेजारी पाणपोई, वर मुलांची शाळा, आणि त्यांच्या खर्चासाठी दुकानं, हमामखाने, शेतं वक्फ करून टाकायचा. कागदात लिहायचं की या वक्फची देखरेख माझे वंशज करतील, त्याबद्दल त्यांना मानधन मिळेल आणि शिल्लक राहील तीही त्यांना. झालं. अमिरी गेली तरी पोरांची सोय झाली, शिवाय पुण्य, शिवाय नाव.

कैरोच्या जुन्या शहरातल्या मुइझ रस्त्यावर चालताना उजवी-डावीकडे ज्या इमारती एकमेकींना खेटून उभ्या दिसतात त्यातल्या कितीतरी अशा उभ्या राहिल्या. कलावूनच्या संकुलात तर मोठं इस्पितळ होतं, १२८० च्या दशकातलं. वारसा नाकारणाऱ्या कायद्यानं एवढं मोठं शहर घडवलं, ही गोष्ट मला आजही थक्क करते. चौसर, तुमच्या साम्राज्याची राजधानी कशी दिसेल हे अशा नियमांतून ठरू द्या. जखमांच्या खुणांपेक्षा त्यातून जास्त गोष्टी निघतील.

आता राजा मेल्यावर काय. एकमेकांना संपवायचे का? हो, अमीर मारले जायचे. पण त्याचीही एक रीत पडून गेली होती, चेर्केस सुलतानांच्या काळात, म्हणजे १३८२ नंतर, विशेष. सुलतान मेला की त्याच्या मुलाला गादीवर बसवायचं. सगळ्यांना माहीत असायचं की हा टिकणार नाही. तेवढ्या अवधीत मोठे अमीर आपापसात जोडतोड करून ठरवायचे की पुढचा कोण. ठरलं की पोराला उतरवायचं, आणि पुष्कळदा मारायचंही नाही, अलेक्झांड्रियाला नेऊन ठेवायचं. बापाचा मुलगा हा त्यांच्यासाठी दोन सुलतानांमधला पूल होता.

खरी मारामारी वेगळ्याच ठिकाणी पेटायची. मम्लुकाची निष्ठा राज्याशी नसे, ज्यानं विकत घेऊन वाढवलं आणि मुक्त केलं त्या धन्याशी असे, आणि त्याच धन्याकडे सोबत वाढलेल्या सोबत्यांशी. नवा सुलतान आला की तो स्वतःची नवी मुलं विकत आणणार आणि त्यांना वर चढवणार. आधीच्या सुलतानाची फौज शहरातच असते, तरणीताठी, हत्यारबंद आणि नाराज. कैरोच्या रस्त्यांवर यांच्या चकमकी व्हायच्या आणि दुकानदार फळ्या लावून बसायचे. पगार थकला की नवे भरती झालेलेच दंगा करायचे. पंधराव्या शतकात हे वाढतच गेलं, कारण पैसा आटत चालला होता. १३४७-४८ ची प्लेगची साथ आणि तिच्या पुन्हा पुन्हा आलेल्या लाटांनी गावं ओस पडली, कालव्यांची देखभाल थांबली. आणि प्लेग बराकीतल्या नव्या मुलांना सर्वांत आधी उचलायचा. विकत आणलेलं सैन्य मेलं की ते पुन्हा विकतच आणावं लागतं.

गनिमी_गणू

आणि शेवट तोफांनी केला ना? मम्लुक बंदुकीला कमी लेखायचे असं वाचलं होतं.

रेवदंड्याची

ते अर्धंच खरं आहे. किल्ल्यांवर तोफा त्यांच्याकडे आधीपासून होत्या आणि शेवटच्या काळात सुलतान कान्सूह अल-घौरीनं नव्या ओतवून घेतल्या. अडचण घोड्याची होती. त्या काळची बंदूक घोड्यावरून चालवता येत नाही, तिला पायदळ लागतं. आणि ज्या माणसाचा सगळा मान, सगळी कमाई घोड्यावरच्या कौशल्यातून आली, तो घोड्यावरून उतरून पायदळात उभा राहणार नाही. बंदूकधारी पथकं उभी केली ती दुय्यम दर्जाच्या लोकांची, आणि घोडेस्वारांनी त्यांना कधी आपलं मानलं नाही. २४ ऑगस्ट १५१६ ला सीरियातल्या हलबजवळ (अलेप्पो) मर्ज दाबिकला उस्मानी, म्हणजे ऑटोमन तुर्क, सुलतान सलीमसमोर सगळं कोसळलं. अल-घौरी रणातच गेला. हलबचा नायब, म्हणजे सुभेदार, खाइरबक शत्रूला फितूर होता. पुढे उस्मानींनी त्यालाच इजिप्तचा सुभेदार केलं. शेवटचा सुलतान तूमानबाय १५१७ च्या एप्रिलमध्ये बाब झुवैला दरवाज्यात फाशी गेला.

तो दरवाजा अजून आहे. खालून भाजीच्या गाड्या जातात.

आणि याच्याआधीचा एक तुकडा मला लिहायलाच हवा, कारण तो माझ्या गावच्या खाडीतला आहे. पोर्तुगीजांनी मसाल्याचा व्यापार तोडायला सुरुवात केली तेव्हा मम्लुकांनी सुएझला आरमार बांधून हिंदुस्थानाकडे धाडलं. सरदार अमीर हुसेन कुर्दी. मार्च १५०८ मध्ये चौलच्या बंदरात त्यानं पोर्तुगीज व्हाइसरॉयचा मुलगा लोरेंसो द आल्मेदा याचं जहाज गाठलं. निसटताना ते मासेमारीसाठी रोवलेल्या खुंटांत अडकलं आणि लोरेंसो मारला गेला. कुंडलिकेच्या मुखाशी नाईलचे मम्लुक! लहानपणापासून रोज बघितलेल्या त्या पाण्यात हे घडलं होतं हे मला कैरोला गेल्यावर कळलं. बापानं ३ फेब्रुवारी १५०९ ला दीवला त्याचा सूड घेतला आणि ते आरमार संपलं.

सह्यकडा

मग आपल्याकडचा मलिक अंबर याच साच्यातला म्हणायचा का? तोही गुलाम म्हणून विकला गेला, हबशी, शेवटी निजामशाहीचा कर्ताधर्ता झाला.

रेवदंड्याची

हो आणि नाही. सुरुवात तीच. त्याला विकत घेणारा निजामशाहीचा पेशवा चंगेजखान स्वतः हबशी गुलामीतून वर आलेला. लष्करी गुलामी ही बगदादपासून दख्खनपर्यंत माहितीतली वाट होती. पण दख्खनमध्ये ते कधी पूर्ण राज्य झालं नाही. हबशी सरदार दख्खनी, परदेशी आणि मराठे सरदारांच्या बरोबरीनं एक गट होते. मलिक अंबरनं खडकी, म्हणजे पुढचं औरंगाबाद, वसवली, जमिनीच्या महसुलाची नीट व्यवस्था लावली, १६२४ ला भातवडीला शहाजीराजांसह मराठे सरदारांच्या बळावर मोगल-आदिलशाही फौज मोडली. आणि १६२६ ला तो गेल्यावर जागा मिळाली ती मुलाला, फत्तेखानाला. म्हणजे मम्लुकांचा मुख्य नियम इथे नव्हताच. फत्तेखानानं पुढे काय केलं ते आपल्याला ठाऊक आहे. १६३३ ला दौलताबाद मोगलांना दिलं.

मराठ्यांच्या सरंजामाशीही ताडून बघा. शिवाजी महाराजांचा कटाक्ष रोख पगारावर होता. जिंजीच्या धामधुमीत राजाराम महाराजांना वतनं-सरंजाम द्यावे लागले, नाहीतर माणसं मोगलांकडे गेली असती. सरंजाम कागदावर चाकरीपुरताच होता. पण मुलगा बापाच्या जागी उभा राहत गेला, सरदार आपापल्या मुलखात ठाण मांडून राहिले, आणि बडोदा, ग्वाल्हेर, इंदूर उभी राहिली. मला ते वाईट वाटत नाही, त्यांनी मोठी कामं केली. पण विखुरलेल्या गावांचा मम्लुकी हिशोब समोर ठेवला की दोन वाटा कुठे फुटल्या ते लख्ख दिसतं.

चौसर

ताई, हे सगळं मी प्रिंट काढून ठेवतोय. नियम असे करतो: राज्यकर्ता वर्ग जन्मानं मिळत नाही, जहागिरी विखुरलेल्या, दफ्तर दुसऱ्यांच्या हाती. जखमेची खूण काढून टाकली. त्याऐवजी दरबारात ओळख पटायला काही वापरायचे का ते?

आणि आमची ती बँकवाली विचारतेय, तिला अमिराचा मुलगा खेळायचा आहे. त्याला करण्यासारखं काही उरतं का?

रेवदंड्याची

ओळखीला चिन्हं होती, आणि ती फार सुंदर आहेत. अमीर ज्या चाकरीतून वर आला तिचं चिन्ह गोलात कोरून घ्यायचा, दारावर, दिव्यावर, भांड्यावर. पेला म्हणजे सुलतानाला पेय देणारा. तलवार म्हणजे हत्यारं सांभाळणारा. चौगानच्या काठ्या, घडीचा रुमाल. आणि कलमदान! सुलतानाची दौत सांभाळणाऱ्या अधिकाऱ्याचं ते चिन्ह, आणि कडवे लढवय्ये ते अभिमानानं लावायचे. दर्जा ऐकूही यायचा. चाळीस स्वारांच्या अमिराला दारात नौबत वाजवायचा मान होता, दहाच्या अमिराला नाही.

मुलाचं पात्र जरूर द्या. त्यांना दुय्यम पथकात जागा आणि थोडा पगार मिळायचा, बरेचसे विद्येकडे वळायचे. तघ्रीबिर्दी हा बरकूकचा मम्लुक, दमास्कसचा नायब होऊन १४१२ मध्ये गेला. मुलगा तेव्हा तान्हा होता. तो इब्न तघ्रीबिर्दी पुढे त्या काळाचा मोठा इतिहासकार झाला. सुलतानांच्या बैठकीत वावरायचा, आणि अमीर आपसात तुर्कीत बोलायचे ते त्याला समजायचं, जे बहुतेक अरबी लेखकांना समजत नसे. तिच्या पात्राला हीच ताकद द्या. हत्यार बेताचं, पण दोन्ही भाषा येतात, वक्फचे कागद घरात आहेत, आणि बापाचे जुने सोबती अजून जिवंत आहेत, त्यांच्या घरी कधीही जाता येतं.